शांतता समिती वस्तीच्या हाती द्या : मुंबईच्या पोलीस आयुक्तांना खुले पत्र

मा. पोलीस आयुक्त,
बृहन्मुंबई

स. न. वि. वि.

सण जवळ आला की आपल्या प्रत्येक ठाण्यात शांतता समितीची बैठक लागते. गणपती असो, ईद असो, नवरात्र असो, पत्र निघते, फोन जातात, ठाण्याच्या आवारात किंवा जवळच्या हॉलमध्ये खुर्च्या मांडल्या जातात. या बैठकांना कोणाला बोलावले जाते आणि कोणाला नाही, यावर मला आपल्याशी बोलायचे आहे. माझे म्हणणे आधीच सांगून टाकते. गुन्हा होण्याआधी त्याची चाहूल ज्यांना लागते ती माणसे या समित्यांत नाहीत. आणि जी आहेत त्यांतल्या अनेकांना चाहूल लागली, तरी तोंड उघडण्यात त्यांचा फायदा नाही.

मी पूर्व उपनगरात, डोंगराच्या अंगावर चढत गेलेल्या एका वस्तीत राहते. महापालिकेच्या शाळेत शिक्षिका होते. निवृत्तीनंतर बचत गटाचे काम पाहते, त्यामुळे गल्लीतल्या बहुतेक घरांत माझे जाणे-येणे आहे. आमच्या पोलीस ठाण्याचे नाव मी मुद्दाम लिहीत नाही. तिथले अधिकारी बदलत राहतात, चांगलेही येऊन गेले, आणि एकाकडे बोट दाखवून हा प्रश्न मिटणारा नाही. शेजारच्या हद्दीतल्या बायका भेटतात तेव्हा त्याही हेच सांगतात.

गेल्या गणपतीआधीच्या बैठकीचेच बघा. पहिल्या रांगेत दोन पक्षांचे शाखाप्रमुख, मोठ्या मंडळाचे अध्यक्ष, केबलचा धंदा असलेले एक गृहस्थ आणि पुनर्विकासासाठी बिल्डरच्या वतीने संमतीच्या सह्या गोळा करणारा एक जण. त्यांच्यामागे मंडळांचे कार्यकर्ते. आम्ही चार-पाच बायका शेवटी, भिंतीला लागून. विषय ठरलेले होते : मंडपाची उंची, ध्वनिक्षेपक किती वाजता बंद करायचा, मिरवणुकीचा मार्ग, वर्गणीची सक्ती नको. हे विषय महत्त्वाचेच आहेत. शेवटी ‘कोणाला काही बोलायचंय का’ असे विचारले गेले आणि आमच्यातली एक उठली. ती पवईला तीन घरी स्वयंपाक करते, रात्री साडेनऊ-दहाला घरी पोचते. तिने सांगितले की सार्वजनिक शौचालयाकडे जाणाऱ्या वाटेवरचे दिवे पावसाळा लागल्यापासून बंद आहेत, पाण्याच्या जुन्या टाकीवर पोरे बसतात, त्यांच्याकडे बटन, म्हणजे नशेच्या गोळ्या, असतात, आता एमडी ही नशेची पावडरसुद्धा यायला लागली आहे, आणि माल कुठल्या टपरीवरून येतो ते अख्ख्या गल्लीला ठाऊक आहे. पहिल्या रांगेतली दोन डोकी मागे वळली. साहेब शांतपणे म्हणाले, ‘ताई, हा आजचा विषय नाही, तुम्ही अर्ज द्या.’ मग गुलाबपुष्पे, मग एकत्र फोटो. आम्ही त्या फोटोत नव्हतो, कारण तोवर साडेआठ झाले होते आणि घरी भाकरी व्हायच्या होत्या.

तिने अर्ज दिला नाही. दुसऱ्याच दिवशी रिक्षा स्टँडवर तिच्या नवऱ्याला कोणीतरी विचारले होते, ‘वहिनींना फार बोलायचं असतं का?’ एवढे एक वाक्य पुरते, साहेब. त्यात धमकी नाही, गुन्हा नाही, एनसी, म्हणजे अदखलपात्र तक्रारीची नोंदसुद्धा होणार नाही.

पुढे दिवाळीच्या सुमारास त्याच टाकीजवळ दोन पोरांमध्ये चाकू निघाला. एकाच्या पोटावर मोठी शस्त्रक्रिया झाली, तो वाचला. दुसरा नुकताच अठरा पूर्ण झालेला, तो तुरुंगात गेला. दोघेही मी शिकवलेले. ठाण्याने तपास चोख केला, आरोपी रात्रीच ताब्यात घेतला, त्याचे श्रेय मी मोकळेपणाने देते. आपल्या भाषेत त्याला डिटेक्शन म्हणतात, त्याची नोंद होते, शाबासकी मिळते. पण ते भांडण महिनाभर टाकीवर धुमसत होते, नळावर त्याची चर्चा होती, दोघांच्या आयांना ते माहीत होते. एखाद्या हवालदाराने तेव्हाच दोन्ही घरी जाऊन समज दिली असती तर त्याची नोंद कुठल्या तक्त्यात झाली असती? कुठल्याच नाही. न घडलेला गुन्हा कोणाच्या नावावर चढत नाही, म्हणून त्याच्यासाठी कोणी वेळ काढत नाही.

पहिल्या रांगेत तीच ती माणसे का असतात, हेही मी समजून घ्यायचा प्रयत्न केला आहे. वरिष्ठ निरीक्षकाला त्यांची गरज असते. विसर्जनाच्या रात्री हजारोंची गर्दी आणि हाताशी मूठभर पोलीस, अशा वेळी मंडळाचा अध्यक्ष पोरांना आवरतो. मोर्चा निघाला तर शाखाप्रमुख मार्ग बदलायला तयार होतो. हे उपयोग खरे आहेत. पण त्याच माणसांच्या फोनमध्ये आमदारांचा नंबर असतो, आणि आमदारांच्या फोनमध्ये त्याहून वरचा. अधिकाऱ्याने त्यांना नाराज केले तर काय होऊ शकते, हे ठाण्यातल्या चहावाल्या पोरालाही कळते.

सर्वोच्च न्यायालयाने हे ओळखले होते. प्रकाश सिंग खटल्यात २२ सप्टेंबर २००६ रोजी न्यायालयाने जे आदेश दिले, त्यांत ठाण्याच्या प्रमुखाला किमान दोन वर्षे एका जागी ठेवा, असा एक आदेश होता. आपल्या राज्याने २०१४ मध्ये महाराष्ट्र पोलीस अधिनियमात दुरुस्ती करून कार्यकाळ ठरवला, बदल्या पाहणारी आस्थापना मंडळे नेमली. पण त्या कायद्यात मुदतीआधी बदली करायला वाटाही ठेवल्या, आणि वाट असली की तिच्यावरून जाणारे असतातच. ज्याला उद्या इथे असू की नाही याची खात्री नाही, त्याने टपरीवाल्याच्या पाठीशी कोण आहे याचा शोध का घ्यावा? आपण स्वतः या खात्यात इतकी वर्षे काढली आहेत. माझ्यापेक्षा आपल्याला हे जास्त माहीत आहे.

शांतता समिती अशीच असते, असे मात्र मानू नये. याच परिसरात ती वेगळी होऊन गेली आहे.

भिवंडी १९७० मध्ये दंगलीत जळाली आणि १९८४ मध्ये पुन्हा जळाली. १९८८ मध्ये सुरेश खोपडे तिथे पोलीस उपायुक्त म्हणून आले. जुन्या शांतता समित्यांत पुढारी आणि प्रतिष्ठित बसतात, दंगलीच्या रात्री त्यांचे कोणी ऐकत नाही, हे त्यांनी पाहिले. म्हणून त्यांनी मोहल्ल्यामोहल्ल्यात साध्या माणसांच्या समित्या बांधल्या, दोन्ही धर्मांची माणसे सारखी, आणि समिती चालवायची जबाबदारी वरच्या साहेबावर न ठेवता त्या भागात रोज फिरणाऱ्या पोलिसावर टाकली. बैठका फक्त सणाला व्हायच्या नाहीत. गटार, नळ, पोरांची भांडणे, सगळे तिथे यायचे. दंगलीबद्दल रोज बोलायची गरजच नव्हती. रोजच्या गोष्टींमुळे माणसे एकमेकांना आणि पोलिसाला नावाने ओळखू लागली होती. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबई पेटली, सुमारे ९०० माणसे गेली. पन्नासेक किलोमीटरवरची भिवंडी शांत राहिली.

मुंबईने त्यातून धडा घेतला, तोही पोलीस आणि नागरिकांनी मिळून. १९९४ मध्ये तेव्हाचे आयुक्त सतीश साहनी, माजी आयुक्त ज्युलिओ रिबेरो, सुशोभा बर्वे आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी मोहल्ला कमिट्यांची चळवळ उभी केली. ज्या वस्त्यांत लोक पोलिसाची गाडी दिसली की दार लावून घेत होते, तिथे ते जाऊन बसले. धारावीत भाऊ कोरडे आणि वकार खान यांनी जे काम केले ते आजही जुने धारावीकर सांगतात. त्या दंगलींची चौकशी करणाऱ्या न्या. श्रीकृष्ण आयोगाचा अहवाल १९९८ मध्ये विधिमंडळात मांडला गेला. त्यात मुंबई पोलिसांच्या पक्षपातावर किती कठोर शब्द आहेत, ते आपण वाचलेच असेल. असे ठपके असलेल्या खात्यावर वस्त्यांनी पुन्हा भरवसा ठेवायला सुरुवात केली ती या कमिट्यांमुळे. तो भरवसा नोटीस काढून आला नव्हता. अनेक संध्याकाळी लोकांचा राग ऐकून घेतल्यावर आला होता.

आणि मला सर्वांत जवळची वाटते ती झोपडपट्टी पोलीस पंचायत. ए. एन. रॉय हे पुण्याहून मुंबईचे आयुक्त होऊन आले, तेव्हा २००४ च्या सुमारास राष्ट्रीय झोपडपट्टीवासी महासंघाचे जोकीन अर्पुथम आणि महिला मिलन या वस्तीतल्या बायकांच्या संघटनेबरोबर त्यांनी ही पद्धत इथे सुरू केली. वस्तीतली दहा माणसे, त्यांत सात बायका आणि तीन पुरुष, आणि त्यांच्याबरोबर ठाण्याने नेमून दिलेला एक पोलीस. काम एकच : छोटी भांडणे मोठी होण्याआधी मिटवणे. सात आणि तीन हा आकडा कोणी सहज ठरवला नसणार. वस्तीत दिवसभर कोण असते, दारू पिऊन आलेला नवरा कोणाला आधी दिसतो, कुठल्या घरातली मुलगी शाळेत जायची अचानक बंद झाली हे कोणाच्या लक्षात येते, याचा विचार त्यामागे आहे.

एका ओळखीच्या वस्तीतली अशा पंचायतीची वही मी पाहिली आहे. साधी दोनशे पानी लाँग बुक, कोपरे दुमडलेले, बरीचशी पाने पाण्याने फुगलेली. डावीकडे तारीख, मग कोणी कोणाबद्दल सांगितले, मग काय ठरले, खाली सह्या आणि अंगठे. नळावर नंबर मोडल्याचे भांडण. खोली सोडल्यावर डिपॉझिट परत न देणारा मालक. वाढवलेल्या ओट्यावरून दोन शेजाऱ्यांत शिवीगाळ. एका बाईची नोंद पुन्हा पुन्हा येत होती, नवरा मारतो म्हणून. पहिल्यांदा ‘समज दिली’, मग ‘समज दिली, पुन्हा केल्यास ठाण्यात नेऊ’, मग ‘ठाण्यात नेले’, आणि त्यानंतर तिची नोंद नव्हती. वही ठेवणाऱ्या मावशींना मी विचारले, पुढे काय झाले? त्या म्हणाल्या, ‘साहेब स्वतः घरी आले ना, मग त्याला कळलं की ही एकटी नाही.’

पुढे आयुक्त बदलले, ठाण्यांतले अधिकारी बदलले, आणि त्या वस्तीतली पंचायत हळूहळू बंद पडली. कोणी बंद केली नाही. नेमलेला पोलीस आधी बंदोबस्ताला गेला, मग दुसरीकडे गेला, त्याच्या जागी कोणी आले नाही. खोलीला कुलूप लागले. मोहल्ला कमिटी असो, पंचायत असो, प्रत्येक वेळी एका अधिकाऱ्याच्या तळमळीवर ती उभी राहिली आणि तो गेल्यावर खचली. केरळने २००८ मध्ये जनमैत्री सुरक्षा ही पोलीस आणि लोकांनी मिळून काम करायची योजना सुरू केली आणि पुढे २०११ च्या पोलीस कायद्यातच लोकसहभागाला जागा करून दिली. आपल्याकडे खेड्यात पोलीस पाटील आहे, त्याच्यासाठी १९६७ चा स्वतंत्र कायदा आहे. मुंबईतल्या लाखो झोपड्यांसाठी मात्र जे काही आहे ते साहेबांच्या मर्जीवर.

आता यावर एक आक्षेप घेतला जाईल आणि तो मला स्वतःला फार मोठा वाटतो. वस्तीच्या हाती दिले म्हणजे वस्ती न्यायीच वागेल असे नाही. १ जुलै २०१८ रोजी धुळे जिल्ह्यात राईनपाड्याला पाच जणांना जमावाने ठेचून मारले. नाथपंथी डवरी गोसावी समाजाची ती माणसे, भिक्षा मागत फिरणारी. मुले पळवणारी टोळी आल्याची अफवा मोबाईलवरून फिरत होती. ते मारणारेही स्वतःला गावाचे रक्षकच समजत होते. १८७१ मध्ये इंग्रजांनी काही जमातींना जन्मानेच गुन्हेगार ठरवले. तो कायदा १९५२ मध्ये रद्द झाला, पण आजही उड्डाणपुलाखाली राहणाऱ्या पारधी कुटुंबाला चोरी झाली की आधी उठवतात, आणि त्यांना उठवा असे सांगणारे बहुतेक वेळा आमच्यासारखे ‘सजग नागरिक’ असतात. हे लिहिताना मला बरे वाटत नाही, पण खरे आहे ते आहे.

भाडेकरूंची माहिती ठाण्यात द्या, असा आदेश आपल्या कार्यालयातून निघत असतो, न देणाऱ्या घरमालकावर गुन्हाही नोंदवला जातो. सुरक्षेसाठी ते लागत असेल. पण आमच्या भागात त्याचा उपयोग कसा होतो ते पाहा. एजंट सरळ सांगतो की पोलिसांची भानगड नको, म्हणून मुसलमानाला नको, एकट्या बाईला नको, अमुक राज्यातून आलेल्याला नको. निवडणूक जवळ आली की ‘बाहेरचे’ हा शब्द शांतता समितीतही ऐकू येतो, आणि बोलणारा पहिल्या रांगेतला असतो. गुन्हेगारी रोखण्याच्या नावाने कोणाला वस्तीतून काढायचे हे ठरू लागले, की ते पोलिसांचे काम उरत नाही, तो मतांचा हिशेब होतो.

म्हणून मी वस्तीच्या हातात काठी द्या असे म्हणत नाही. शिट्टी आणि ओळखपत्र देऊन पोरांना रात्री गस्तीला पाठवू नका. समितीतल्या कोणालाही कोणाला अडवण्याचा, ओळखपत्र मागण्याचा, घरात डोकावण्याचा अधिकार नसावा, आणि हे समिती बनवताना लेखी सांगितले जावे. तिला खबरी बनवू नये. खबरी ही पोलिसांची जुनी गरज आहे, ती आपण आपल्या वाटेने भागवा. पण जी बाई चारचौघांत बसून दिव्याबद्दल बोलते, ती रात्री ठाण्याला नावे पुरवते असा संशय वस्तीला आला, तर तिचे तिथे राहणे अवघड होईल.

मग समितीने करायचे काय? जे तिला दिसते ते मांडायचे, आणि त्यावर ठाण्याने आणि महापालिकेने काय केले ते पुढच्या महिन्यात विचारायचे. इतकेच. ऐकायला फार थोडे वाटते, पण आज हेच होत नाही. शौचालयाच्या वाटेवरचा दिवा घ्या. खांब कोणाचा, वीज कोणाची, जमीन कोणाची, यावर तीन कार्यालयांत आम्हाला फिरवले गेले. ठाणे म्हणते तो आमचा विषय नाही. मला मनापासून वाटते की तो ठाण्याचाच विषय आहे, कारण अंधारात जे होईल त्याचा पंचनामा ठाण्यालाच करायचा आहे. वॉर्ड ऑफिसचा अभियंता आणि वरिष्ठ निरीक्षक महिन्यातून एकदा एका टेबलाशी बसले, तर असे निम्मे प्रश्न तिथेच सुटतील. महापालिकेची मुदत मार्च २०२२ मध्ये संपल्यावर कित्येक वर्षे नगरसेवकच नव्हते. तेव्हा तर आम्हाला जायला ठाण्याशिवाय दुसरे दारच नव्हते.

कॅमेऱ्यांचे थोडक्यात सांगते. २६/११ नंतर शहरभर कॅमेरे लावायचे ठरले, २०१६ मध्ये ४,५०० हून अधिक कॅमेऱ्यांचे जाळे सुरू झाले, तपासाला त्याची मोठी मदत होते हे मान्य. त्यानंतर आमदार निधीतून आमच्या गल्लीतही आले, कॅमेऱ्याहून मोठी नावाची पाटी घेऊन. टाकीकडे तोंड असलेला कॅमेरा चाकू निघाला त्या रात्री बंद होता. कॅमेरा झालेला गुन्हा दाखवतो, तोही चालू असला तर. त्या दोन पोरांना ओळखणारा पोलीस तिथून रोज गेला असता तर ते जास्त उपयोगाचे झाले असते.

आणि तो पोलीस थकलेला आहे, हेही आम्हाला दिसते. देवनार ठाण्यातल्या एका शिपायाने आठ तासांच्या ड्यूटीची योजना मांडली, २०१६ मध्ये तिथेच तिचा प्रयोग झाला आणि मग ती शहरभर नेली गेली, तेव्हा आमच्या वस्तीतल्या पोलिसांच्या बायकांनी पेढे वाटले होते. पुढे मनुष्यबळ कमी पडू लागले आणि ती घडी विस्कटली. २०२३ मध्ये राज्य सुरक्षा महामंडळाचे ३,००० जवान ११ महिन्यांसाठी घ्यायचे ठरले. त्या जवानांबद्दल माझी काही तक्रार नाही, पण अकरा महिन्यांत गल्ली ओळखीची होत नाही. आमच्या बीट चौकीला बहुतेक वेळा कुलूप असते. तिथला हवालदार कामचुकार आहे म्हणून नव्हे. तो विमानतळाच्या रस्त्यावर कोणत्या तरी मंत्र्यांच्या ताफ्यासाठी उभा असतो.

आपल्याकडे एक साठा पडून आहे, त्याचा विचार करावा. ठाण्यातले एनसीचे रजिस्टर. बायकांच्या तक्रारी बहुतेक तिथेच संपतात : शिवीगाळ, धमकी, किरकोळ मारहाण. अदखलपात्र म्हणून नंबर मिळतो, कागद मिळतो, आणि ‘कोर्टात जा’ असे सांगितले जाते. त्या बाईला कोर्टात जायला एक दिवसाची मजुरी सोडावी लागते, ती जात नाही. पण तेच रजिस्टर सलग वाचले तर एकच नाव, एकच घर, एकच कोपरा पुन्हा पुन्हा येताना दिसेल. पुढे जो मोठा गुन्हा होतो त्याची आधीची पाने तिथे असतात. दर महिन्याला ते चाळून, कोणाचेही नाव न घेता, कुठल्या भागात कशाच्या तक्रारी वाढल्या एवढे समितीपुढे ठेवता येईल. चॅप्टर केससाठी, म्हणजे चांगल्या वागणुकीची हमी लिहून घेण्यासाठी, आपल्या हाती नव्या नागरिक सुरक्षा संहितेतली १२६ आणि १२९ ही कलमे आहेत, तडीपारीचा अधिकार आहे. पण ती हत्यारे निवडणूक आणि सणाच्या आधी यादी पूर्ण करण्यासाठी जितकी निघतात, तितकी बायकोला रोज मारणाऱ्यासाठी निघत नाहीत.

गुन्ह्यांचा आकडा कमी म्हणजे ठाणे चांगले, हा हिशेब जोवर आहे तोवर गुन्हा नोंदवायलाच टाळाटाळ होत राहील. पर्स मारली तर ‘हरवली असे लिहा’ हे आम्ही सगळ्यांनी ऐकले आहे. आपण ठाण्याचे मूल्यमापन करताना हेही पाहा की समितीत आलेल्या किती गोष्टींना उत्तर मिळाले आणि किती बायका दुसऱ्यांदा ठाण्यात यायला तयार झाल्या.

सदस्य कसे निवडावेत यावर आम्ही बचत गटाच्या बैठकीत बोललो. काहींचे म्हणणे चिठ्ठ्या टाकाव्यात, काहींचे म्हणणे गल्लीने आपली माणसे सांगावीत. मला चिठ्ठ्यांची पद्धत बरी वाटते, तिच्यात कोणाला उपकार केल्याचे मिरवता येत नाही. निम्म्याहून अधिक बायका असाव्यात, भाडेकरू असावेत, पुलाखाली राहणाऱ्यांतला एखादा तरी असावा. पक्षाचा पदाधिकारी नसावा. नगरसेवकाने यावे, ऐकावे, त्यांचे स्वागतच आहे, पण सदस्य म्हणून नव्हे. सदस्यत्व दोन वर्षांचे, मग नवे लोक. काय बोलणे झाले आणि काय ठरले याचा कागद ठाण्याच्या फलकावर आणि वॉर्ड ऑफिसात मराठीत आणि हिंदीत लागावा. ज्या पोलिसाकडे समिती असेल त्याला बंदोबस्तातून वगळता आले नाही, तरी निदान दोन वर्षे बदलू नये.

आणि समितीत पोलिसांबद्दलची तक्रारही करता आली पाहिजे. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२० मध्ये प्रत्येक ठाण्यात, कोठडीसह, कॅमेरे लावायला सांगितले. २०१४ च्या दुरुस्तीने राज्यात पोलीस तक्रार प्राधिकरण आले. आमच्या वस्तीत ते कोणालाच माहीत नाही. त्याचा पत्ता ठाण्याच्या दारात मोठ्या अक्षरात लावलात तर ठाण्याचा मान कमी होणार नाही. जिथे पोलिसाविरुद्ध बोलता येते, तिथेच माणसे पोलिसाला टपरीचे नाव सांगायला धजतील.

सगळ्या शहरात एकदम हे होणार नाही, याची मला कल्पना आहे. प्रत्येक परिमंडळात एक ठाणे निवडा, जिथे झोपडपट्टी मोठी आहे असे. आमच्याकडे सुरुवात करायची असेल तर आम्ही तयार आहोत. बचत गटाची खोली आहे, वीस-पंचवीस माणसे बसतात, पंखा आहे. रविवारी संध्याकाळी सातला ठेवलीत तर कामावर जाणाऱ्या बायका येऊ शकतील. कृपा करून सकाळी अकराला ठेवू नका. माझे नाव, पत्ता आणि ठाण्याचे नाव मी आपल्या कार्यालयाकडे वेगळ्या टपालाने पाठवले आहे. या वर्षीची गणपतीआधीची बैठक लागण्यापूर्वी उत्तर मिळावे, ही विनंती. त्या बैठकीत शौचालयाच्या वाटेवरच्या दिव्याचा विषय कामकाजात लेखी घ्यावा. टपरीबद्दल जे सांगायचे आहे ते ती बाई आपल्या महिला अधिकाऱ्याला, ठाण्याबाहेर, भेटून सांगायला तयार आहे.

आपली,
पूर्व उपनगरातील एक रहिवासी
निवृत्त शिक्षिका, महापालिका शाळा